अंतर मोजणारे लॅम्बटनसाहेब

आमच्या शाळेच्या भित्तिपत्रकात दर महिन्याला एका थोर व्यक्तीचे चरित्र लागते. आतापर्यंत शिवाजी महाराज, सावित्रीबाई फुले, गाडगेबाबा, डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि तुकडोजी महाराज यांची चरित्रे लागली. ती वरच्या वर्गातल्या मुलामुलींनी लिहिली होती. या महिन्यात चौथीची पाळी आली. मी विल्यम लॅम्बटन यांचे चरित्र लिहीत आहे. हे नाव आपल्यापैकी पुष्कळांनी ऐकलेले नसेल. पण आपल्या देशाचा पहिला अगदी बरोबर नकाशा करायचे काम त्यांनी सुरू केले. आणि मुख्य म्हणजे ते आपल्याच वर्धा जिल्ह्यात, हिंगणघाटला वारले.

विल्यम लॅम्बटन यांचा जन्म अठराव्या शतकाच्या मध्यावर इंग्लंड देशात झाला. तिकडे यॉर्कशायर नावाचा भाग आहे. त्यांचे आईवडील शेतकरी होते आणि घरची गरिबी होती. पण विल्यमला गणित फार चांगले यायचे. म्हणून त्याला जवळच्या नॉर्थॲलर्टन गावच्या शाळेत शिकायला मिळाले. गरिबाच्या पोरालाही गणित येते, ते काही कोणाच्या मालकीचे नाही, असे आमचे गुरुजी नेहमी म्हणतात.

१७८१ साली लॅम्बटन सैन्यात भरती झाले. त्या वेळी अमेरिकेत लढाई चालू होती. त्यांना तिकडे पाठवले. यॉर्कटाउन इथे इंग्रज हरले आणि लॅम्बटन कैद झाले. सुटल्यावर ते घरी गेले नाहीत. आज ज्या देशाला कॅनडा म्हणतात तिथे ते बरीच वर्षे राहिले. नवीन वस्ती करायला आलेल्या लोकांना जमिनी मोजून द्यायचे काम त्यांनी केले. आपल्याकडे मोजणीवाले येतात आणि वावराचा धुरा कुठून कुठे ते सांगतात, तसेच ते काम. फावल्या वेळात ते गणिताची जाडजाड पुस्तके वाचत बसायचे.

तिकडे असताना एक वाईट गोष्ट झाली. सूर्यग्रहण लागले होते. लॅम्बटन यांनी काळी काच न लावता ग्रहण पाहिले. त्यामुळे त्यांचा एक डोळा कायमचा अधू झाला. पुढे सगळे आयुष्य ते दुर्बिणीतून पाहायचे काम करत होते, ते एकाच चांगल्या डोळ्यावर. मित्रांनो, ग्रहण कधीही उघड्या डोळ्यांनी पाहू नका.

१७९६ च्या सुमारास त्यांची पलटण हिंदुस्थानात आली. १७९९ साली कंपनी सरकारची म्हैसूरच्या टिपू सुलतानाशी लढाई झाली. एका रात्री इंग्रजांची एक तुकडी अंधारात चालली होती. लॅम्बटन त्यांच्याबरोबर होते. त्यांनी वर आकाशात पाहिले. ताऱ्यांवरून त्यांच्या ध्यानात आले की आपण दक्षिणेला जायचे ते उत्तरेला चाललो आहोत. म्हणजे सरळ टिपूच्या छावणीत! त्यांनी सेनापतीला सांगितले. सेनापतीला आधी खरं वाटेना. मग होकायंत्र काढून बघितलं तर लॅम्बटन यांचेच बरोबर निघाले. तारे कधी खोटे बोलत नाहीत.

ती लढाई संपली. टिपू सुलतान मारला गेला आणि म्हैसूरचा पुष्कळ मुलूख कंपनीच्या हाती आला. पण त्या वेळचे नकाशे नीट नव्हते. कोणते गाव कुठे आहे, एका गावाहून दुसरे गाव किती लांब आहे, हे लोक वाटेने चालून मोजायचे. वाट तर वाकडीतिकडी असते. ती टेकडीला वळसा घालते, नदीला उतार शोधत जाते. म्हणून वाटेचे अंतर आणि सरळ अंतर यात फार फरक पडतो. लॅम्बटन यांनी सरकारला लिहून कळवले की हे सगळे नीट मोजता येईल. आणि ते मोजायचे काम त्यांनाच मिळाले.

आता सरळ अंतर कसे काढतात ते मी सांगतो. आमच्या गुरुजींनी ते चौकटीच्या वहीवर शिकवले. तुम्हीही वही घेऊन करून बघा.

वहीच्या खालच्या डाव्या कोपऱ्याला शून्य म्हणायचे. तिथून उजवीकडे किती चौकटी ते आधी लिहायचे आणि वर किती चौकटी ते नंतर लिहायचे. आमची शाळा २ आडव्या आणि १ उभी या ठिकाणी आहे असे समजा. पाण्याची टाकी ५ आडव्या आणि १ उभी या ठिकाणी आहे. दोन्ही एकाच ओळीत आहेत. मग अंतर काढणे सोपे. ५ मधून २ वजा केले की ३ चौकटी.

पण विहीर ५ आडव्या आणि ५ उभ्या या ठिकाणी असेल तर? शाळेपासून विहीर तिरकी येते. आडव्या ३ चौकटी जा, मग वर ४ चौकटी जा, म्हणजे विहीर. असे गेले तर ७ चौकटी होतात. पण कावळा ७ चौकटी उडत नाही, तो सरळ तिरका जातो. ते तिरके अंतर असे काढायचे. ३ गुणिले ३ म्हणजे ९. ४ गुणिले ४ म्हणजे १६. दोन्हींची बेरीज २५. आता कोणत्या संख्येला त्याच संख्येने गुणले की २५ येतात? ५ ला. म्हणजे शाळेपासून विहीर ५ चौकटी लांब. एक चौकट १० मीटरची धरली तर ५० मीटर.

आम्हाला ते खरे वाटेना. मग गुरुजींनी आम्हाला मैदानावर नेले. फक्कीने ३ मीटरची एक रेघ मारली. तिला काटकोनात ४ मीटरची दुसरी रेघ मारली. मग टेप घेऊन दोन्ही टोकांमधले तिरके अंतर मोजले. बरोबर ५ मीटर भरले! ६ आणि ८ घेतले तर १० भरले. आमच्या गल्लीतले गवंडीकाका घराचा पाया आखताना दोरीने ३, ४ आणि ५ फूट धरतात आणि कोपरा गुण्यात आणतात. त्यांना विचारलं तर म्हणाले की हे आमच्या बापजाद्यांपासून चालत आले आहे.

आपल्या पृथ्वीलाही अशीच चौकटीची वही आहे. शाळेतल्या पृथ्वीगोलावर बघा. आडव्या रेघांनी अक्षांश कळतात आणि उभ्या रेघांनी रेखांश कळतात. आपले हिंगणघाट सुमारे साडेवीस उत्तर अक्षांश आणि ७९ पेक्षा थोडे कमी पूर्व रेखांश या ठिकाणी येते. पण पृथ्वी चेंडूसारखी गोल असल्यामुळे तिच्या चौकटी सारख्या नाहीत. उभे एक घर सगळीकडे सुमारे १११ किलोमीटरचे असते. आडवे घर मात्र ध्रुवाकडे जावे तसतसे अरुंद होते. विषुववृत्तावर ते सुमारे १११ किलोमीटर रुंद आहे, आणि आपल्या हिंगणघाटजवळ सुमारे १०४ किलोमीटर. म्हणून पृथ्वीची वही साध्या वहीपेक्षा कठीण आहे. कोणते ठिकाण कोणत्या चौकटीत बसते हेच आधी कष्टाने शोधावे लागते. लॅम्बटन यांनी तेच केले.

त्यासाठी त्यांनी त्रिकोणाची युक्ती वापरली. जमिनीवर एक सरळ रेघ घ्यायची आणि ती अगदी नीट मोजायची. त्या रेघेच्या दोन टोकांवरून लांबची एखादी टेकडी दुर्बिणीतून पाहायची. दोन्हीकडे किती कोन होतो तो लिहून घ्यायचा. एवढे कळले की त्या टेकडीपर्यंतचे अंतर हिशेबाने निघते, तिकडे साखळी न्यावी लागत नाही. मग तेच अंतर दुसऱ्या त्रिकोणाची बाजू होते. त्यावरून तिसरा त्रिकोण. अशी त्रिकोणाला त्रिकोण जोडून माळ करायची.

आम्ही या युक्तीने आमच्या नाल्याची रुंदी काढली. पलीकडच्या काठावर एक बाभूळ आहे. तिच्या अगदी समोर अलीकडच्या काठावर आम्ही एक दगड ठेवला. कागदाचा कोपरा बरोबर मधोमध दुमडून अर्धा काटकोन केला. मग दगडापासून काठाकाठाने सरळ चालत गेलो. मधेमधे थांबून कागदाची एक बाजू दगडाकडे धरायची आणि दुसऱ्या बाजूवरून डोळा लावून पाहायचे. १८ पावलांवर दुसऱ्या बाजूच्या रेषेत बाभूळ आली. म्हणजे नाला १८ पावले रुंद. कारण अर्ध्या काटकोनात जितक्या चौकटी आडव्या तितक्याच चौकटी उभ्या असतात. सातवीच्या मुलांनी मग दोरी पलीकडे नेऊन पाहिली. ती १८ पावले भरून वर वीतभर उरली. नाला न ओलांडता रुंदी निघाली, म्हणून आम्हाला फार आनंद झाला.

लॅम्बटनसाहेबांचे काम मात्र पावलांवर चालणारे नव्हते. पहिली रेघ चुकली की पुढचे सगळे त्रिकोण चुकणार. घराचा पाया तिरका तर भिंत तिरकी, तसेच. म्हणून त्यांनी पहिल्या रेघेसाठी फार मेहनत घेतली. १० एप्रिल १८०२ रोजी मद्रासजवळ सेंट थॉमस माउंट या टेकडीपाशी त्यांनी ती मोजायला सुरुवात केली. मद्रासला आता चेन्नई म्हणतात.

त्यांच्याजवळ १०० फुटांची पोलादी साखळी होती. या साखळीची गोष्ट गमतीची आहे. ती मुळात चीनच्या बादशहाला भेट म्हणून नेली होती. पण बादशहाने ती घेतली नाही. मग फिरत फिरत ती कलकत्त्याला आली आणि लॅम्बटन यांच्या कामाला लागली. साखळी जमिनीवर लोळवली तर खाचखळग्यांमुळे माप चुकते. म्हणून ती तिकाटण्यांवर ठेवलेल्या लाकडी पेट्यांमध्ये सरळ ठेवत. ऊन लागू नये म्हणून वर सावली करत. प्रत्येक पेटीत तापमापक असे. कारण लोखंड तापले की वाढते. आपल्याकडे बंडीच्या चाकाची धाव तापवून बसवतात, ती थंड झाली की चाकाला घट्ट आवळते. साखळीचेही तसेच. एप्रिल आणि मे महिन्यातल्या मद्रासच्या उन्हात साखळी किती वाढली तेही त्यांनी हिशेबात धरले.

ती रेघ ४०,००६ फुटांहून थोडी जास्त भरली. म्हणजे १०० फुटांची साखळी ४०० वेळा ठेवावी लागली. साडेसात मैल, म्हणजे सुमारे १२ किलोमीटर. आमच्या गावापासून हिंगणघाट तेवढेच आहे. आम्ही एसटीने अर्ध्या तासात जातो. लॅम्बटन यांना तेवढे मोजायला कित्येक आठवडे लागले. पण त्यांनी घाई केली नाही.

कोन मोजायला त्यांनी इंग्लंडहून एक मोठे यंत्र मागवले होते. त्याचे नाव थिओडोलाइट. त्यात दुर्बीण असते आणि खाली अंशांच्या खुणा केलेले गोल चक्र असते. ते चक्र ३ फूट रुंद होते. सगळ्या यंत्राचे वजन अर्धा टन, म्हणजे धान्याच्या क्विंटलच्या पाच पोत्यांएवढे. ते यंत्र घेऊन येणारे जहाज वाटेत फ्रेंच लोकांनी पकडले आणि मॉरिशस बेटावर नेले. फ्रेंच आणि इंग्रज यांचे वैर होते. तरी हे शास्त्राचे यंत्र आहे हे कळल्यावर फ्रेंचांनी ते नीट बांधून मद्रासला पाठवून दिले. मला ही गोष्ट फार आवडली.

मग लॅम्बटन मद्रासहून पश्चिमेकडे निघाले. टेकडीवरून टेकडीवर, त्रिकोणामागून त्रिकोण. मद्रासपासून सुमारे १८० मैलांवर बंगलोर आहे. तिथे १८०४ साली त्यांच्या माणसांनी साखळीने दुसरी रेघ मोजून पाहिली. त्रिकोणांच्या हिशेबाने त्या रेघेची लांबी आधीच काढलेली होती. दोन्हींत फरक किती आला असेल? चार इंचांहूनही कमी! सात मैलांच्या रेघेत फक्त बोटभर फरक. हे ऐकल्यावर आमचा सगळा वर्ग एकदम गप्प झाला.

पुढे ही माळ मंगलोरला समुद्राला लागली. जुन्या नकाशात मद्रास ते मंगलोर ४०० मैल दाखवत. लॅम्बटन यांच्या मापाने ते ३६० मैलच निघाले. म्हणजे नकाशावर देश तिथे ४० मैल जास्त रुंद काढलेला होता. आम्ही हे पृथ्वीच्या वहीवर ताडून पाहिले. मद्रास आणि मंगलोर जवळजवळ एकाच आडव्या ओळीत आहेत. दोन्ही १३ उत्तर अक्षांशाजवळ. म्हणून इथे नुसती वजाबाकी पुरते. मधे साडेपाचपेक्षा थोडी कमी घरे येतात. तिथे एक घर सुमारे १०८ किलोमीटर रुंद आहे. गुणाकार केला तर ५८० किलोमीटरच्या जवळपास येतात. ३६० मैलांचेही तेवढेच होतात. दोनशे वर्षांपूर्वीचे माप आणि आमच्या पाटीवरचे माप जुळले.

मंगलोरनंतर लॅम्बटन यांनी दक्षिणोत्तर मोजणी धरली. कन्याकुमारीपासून सरळ उत्तरेकडे, ७८ पूर्व रेखांशाच्या जवळून. यात फक्त नकाशा करायचा नव्हता. पृथ्वीचा आकार बरोबर कसा आहे, उभे एक घर कुठे किती लांब भरते, हे त्यांना शोधायचे होते.

तंजावरच्या बाजूला सपाट जमीन आणि ताडामाडाची झाडे. टेकडी नाही, मग लांबचे दिसणार कसे? म्हणून ते यंत्र देवळांच्या उंच गोपुरांवर चढवत. १८०८ साली तंजावरच्या मोठ्या देवळावर यंत्र दोरांनी वर चढवत होते. मधेच एक दोर तुटला. अर्ध्या टनाचे यंत्र भिंतीवर आपटले. चक्र वाकडे झाले. आता दुसरे यंत्र इंग्लंडहून यायचे म्हणजे वर्ष दोन वर्षे गेली. दुसरा कोणी असता तर डोक्याला हात लावून बसला असता. लॅम्बटन यांनी यंत्राचा खिळा न् खिळा सुटा केला. ते तंबूत शिरले आणि जवळजवळ सहा आठवडे बाहेरच्या कामाला गेले नाहीत. रोज थोडे थोडे ठोकून, ताणून, दाबून त्यांनी ते चक्र पुन्हा गोल केले. मग त्याच यंत्राने पुढची पुष्कळ वर्षे काम चालवले.

१८०९ पर्यंत मोजणी कन्याकुमारीला पोचली. मग उत्तरेकडे. १८१५ साली बीदरजवळ पुन्हा एक रेघ साखळीने मोजून पाहिली. दर थोड्या अंतराने ते आपलेच माप असे तपासत. १८१७ साली इंग्लंडच्या रॉयल सोसायटी या मोठ्या विद्वानांच्या सभेने त्यांना आपल्यात घेतले. १८१८ साली या कामाला ग्रेट ट्रिग्नोमेट्रिकल सर्व्हे असे नाव मिळाले. म्हणजे त्रिकोणांची मोठी मोजणी. त्याच सुमारास जॉर्ज एव्हरेस्ट नावाचे तरुण अधिकारी त्यांच्या हाताखाली आले.

हे काम एकट्या साहेबांनी केले असे कोणी समजू नये. यंत्र टेकडीवर चढवणारे, साखळी धरणारे, झाडे तोडून वाट मोकळी करणारे, लांबच्या टेकडीवर झेंडा घेऊन दिवस दिवस उभे राहणारे असे कितीतरी लोक होते. त्यांना खलाशी म्हणत. ते बहुतेक आपल्याच देशाचे होते. जंगलात तापाने आजारी पडून काही जण मेले. त्यांची नावे पुस्तकात येत नाहीत. झेंडेवाला जागेवरून हलला असता तर साहेबांचा कोनच चुकला असता. म्हणून मला वाटते की चरित्र लिहिताना त्यांनाही नमस्कार केला पाहिजे.

मी हे चरित्र लिहायचे ठरवले तेव्हा आमच्या वर्गात वाद झाला. एक मुलगा म्हणाला की लॅम्बटन इंग्रज होते, कंपनीचे नोकर होते, त्यांना थोर पुरुषांच्या रांगेत कशाला बसवायचे? त्याचे म्हणणे काही खोटे नाही. कंपनीला नकाशा हवा होता तो राज्य चालवायला, फौज न्यायला आणि शेतसारा घ्यायला. गुरुजींनी आम्हाला भांडू दिले. मग ते म्हणाले की दोन्ही गोष्टी लिहा आणि वाचणाऱ्याला ठरवू द्या. मी दोन्ही लिहिल्या. माझे मत असे आहे. राज्य कंपनीचे होते, ते गेले. पण मद्रास आणि मंगलोर यांच्यातले अंतर कोणा राजाचे नसते. ते तेव्हा जेवढे होते तेवढेच आज आहे. ते खरे मोजणारा माणूस कुठलाही असो, त्याच्याकडून शिकायला हरकत नाही. तो मुलगा अजून माझ्याशी पूर्ण राजी नाही, पण या लेखातला त्रिकोणाचा तक्ता त्यानेच काढून दिला आहे. तो बाजूला लावला आहे.

लॅम्बटन आता म्हातारे झाले होते. वय सत्तरीला आले होते. छातीचा आजार आणि खोकला मागे लागला होता. पण त्यांनी काम सोडले नाही. तोवर दीड लाख चौरस मैलांहून जास्त मुलखाची मोजणी झाली होती. त्यांना आणखी उत्तरेला जायचे होते. म्हणून ते हैदराबादहून नागपूरला यायला निघाले. तेव्हा नागपूरला भोसल्यांचे राज्य होते. आज मोठा रस्ता आहे, तेव्हा तंबू टाकत टाकत यावे लागे. वाटेत हिंगणघाटला मुक्काम पडला. तिथेच २० जानेवारी १८२३ रोजी त्यांचे निधन झाले. वणा नदीकाठच्या या गावी त्यांना पुरले. त्यांचे थडगे हिंगणघाटलाच आहे.

त्यांच्यामागून एव्हरेस्टसाहेबांनी काम हातात घेतले आणि १८४१ पर्यंत मोजणीची ही दक्षिणोत्तर माळ हिमालयाच्या पायथ्यापर्यंत नेली. पुढे १८५२ साली राधानाथ सिकदार या बंगाली गणितज्ञाने हिशेब करून दाखवले की हिमालयातले एक शिखर जगात सगळ्यांत उंच आहे. त्या शिखराला १८६५ साली एव्हरेस्ट हे नाव दिले. ते आपल्या सगळ्यांना पाठ आहे. पण ज्या माळेवरून तिथपर्यंत पोचले तिचा पहिला मणी लॅम्बटन यांनी ओवला होता, हे आपण विसरतो.

मी पृथ्वीच्या वहीवर आणखी एक हिशेब केला. कन्याकुमारी ८ अक्षांशाच्या थोडी वर आहे. हिंगणघाट साडेवीसला आहे. उभी सुमारे साडेबारा घरे. म्हणजे १,३८० किलोमीटरच्या आसपास. यंत्राचे ओझे घेऊन, एका चांगल्या डोळ्याने, टेकडीवर टेकडी चढत २० वर्षे हा माणूस उत्तरेकडे सरकत राहिला आणि आपल्या दाराशी येऊन थांबला. आता आमच्या बाबांच्या मोबाइलवर बोट ठेवले की कुठूनही कुठले अंतर दिसते. पण त्यातही प्रत्येक ठिकाणाला अक्षांश आणि रेखांश असे दोन आकडेच असतात. युक्ती तीच, आमच्या चौकटीच्या वहीतली.

लॅम्बटन यांच्यापासून मी तीन गोष्टी शिकलो. पहिली, सुरुवातीचे माप नीट घ्यावे, त्याला वेळ लागला तरी चालेल. दुसरी, आपले उत्तर आपणच दुसऱ्या रीतीने तपासून पाहावे. तिसरी, वस्तू मोडली तर रडत न बसता ती उघडून नीट करावी.

येत्या २० जानेवारीला गुरुजी आम्हा चौथीच्या मुलांना हिंगणघाटला थडगे पाहायला नेणार आहेत. ज्यांना यायचे असेल त्यांनी घरून विचारून नाव द्यावे. येताना चौकटीची वही आणि पेन्सिल आणावी.

– इयत्ता ४ थी